तिठ्यावरचा डोळा

आमच्या घरात तांदूळ निवडायचं काम माझ्याकडे होतं, कारण माझ्या नजरेतून खडा सुटत नसे. आई त्याचं कौतुक करायची. पण सूप बाजूला ठेवल्यावरही ही नजर मिटत नाही, हे तिला फार उशिरा कळलं. दप्तराच्या बंदाला गाठ मारली की मी ती दोनदा ओढून बघे. एसटीत चढताना पायरीवर आधी अर्धाच पाय टेकवे आणि मागच्या बायकांची बोलणी खाई. कुणी माझ्याशी गोड बोललं की मनात पहिला प्रश्न यायचा, ह्याला माझ्याकडून काय हवंय? गावातल्या बायका म्हणायच्या, पोरगी हुशार आहे. मलाही तसंच वाटायचं.

आमचं घर वैशाखऱ्यात, मुरबाडहून माळशेज घाटाकडे जाणाऱ्या रस्त्याला लागून होतं. गावातली वाट जिथे त्या डांबरी रस्त्याला मिळते, तो तिठा आमच्या खिडकीतून दिसे. घाट चढायच्या आधी ट्रकवाले तिथे लिंबू चिरडून पुढे जात. गावातलेही कुणी आजारी पडलं की त्याच्यावरून नारळ-भात उतरवून तिथे ठेवत. तो उतारा. त्यावर ज्याचा पाय पडेल त्याच्याकडे पीडा जाते असं सगळे मानायचे, म्हणून तिठ्यावर पडलेली वस्तू आमच्याकडे कुणी उचलत नसे. शाळेतून येताना मीही तो कोपरा वळसा घालून पार करायची.

मी सातवीत असताना माझी आत्या, बाबांची मोठी बहीण, आमच्याकडे राहायला आली. तिचा नवरा वारला होता, मूलबाळ नव्हतं. बाबांनी तिला ओढ्याकडची दोन भातखाचरं कसायला दिली. परसात ती दुधी, काकडी, शिराळी लावायची आणि पाटी डोक्यावर घेऊन पहिल्या एसटीने मुरबाडच्या बाजाराला जायची. झोपायला तिला माझी खोली दिली होती. मला ते आवडलं नव्हतं, आणि त्याहून आवडली नव्हती ती तिची पत्र्याची ट्रंक. ट्रंकेला कुलूप होतं. विधवा बाईकडे कुलूप लावण्यासारखं असतं काय, असा विचार करत मी कितीतरी वेळ त्या कुलपाकडे बघत बसायची. आत्या कमी बोलायची. संशयी माणसाला कमी बोलणारं माणूस म्हणजे आयतंच रान मोकळं.

मी नववीत गेले त्या वर्षीची, पिठोरी अमावास्येनंतरची सकाळ. उजाडत होतं. मी खिडकीत दात घासत उभी होते. आत्या पाटी घेऊन तिठ्याकडे गेली. तिने पाटी खाली ठेवली, वाकली, दोन्ही हातांनी काहीतरी केलं, मग हात पदराला पुसून एसटीची वाट बघत उभी राहिली. एसटी आली, ती गेली.

तासाभराने गाव तिठ्यावर जमलं होतं. रस्त्याच्या कडेला एक फळी पालथी पडली होती. हातभर लांब, दोन्ही टोकांना वर वळलेली, चार चाकं आकाशाकडे. आणि फळीच्या पोटावर रंगवलेला एक भला मोठा उघडा डोळा, लाल शिरांसकट. बाजूला कुणा ट्रकवाल्याचं चिरडलेलं लिंबू होतंच. आमच्या शेजारच्या काकी सगळ्यांच्या पुढे उभ्या होत्या. त्यांची म्हैस चार दिवसांपूर्वी आटली होती.

"असला उतारा मी जन्मात नाय बघितला," काकी म्हणाल्या. "ही करनी हाय. कुनी ठेवला कुनी बघितलं काय गो?"

आणि मी, जिला कुणी काही विचारलं नव्हतं, बोलून गेले, "आत्या वाकलेली बघितली मी इथं. सकाळी."

का बोलले? आज वाटतं की सगळ्यांना ठाऊक नसलेली गोष्ट मला एकटीला ठाऊक आहे, याचीच ती मस्ती होती. बायकांनी एकमेकींकडे बघितलं. मला क्षणभर खूप मोठं झाल्यासारखं वाटलं, आणि लगेच ते मागे घ्यावंसं वाटलं. पण तोवर शब्द गेला होता.

त्यानंतर कुणी आत्याला तोंडावर काही बोललं नाही. आमच्याकडे तशी पद्धतच नव्हती. परसातल्या वेलावरची काकडी हक्काने तोडणाऱ्या बाया यायच्या बंद झाल्या. ती ओढ्यावर गेली की बाकीच्यांची धुणी आटपायची. लहान पोरांना तिच्या सावलीतून ओढून घ्यायचे. त्यात ती फळी रोज जागा बदलायची. आज घाणेरीच्या झुडपाशी, उद्या मैलाच्या दगडाशी. ट्रकच्या वाऱ्याने, नाहीतर गुरांच्या पायांनी ती सरकत असणार, पण हे तेव्हा कुणाला सुचणार? डोळा चालतो, असं लोक म्हणू लागले.

खरी गोष्ट पुढेच होती. दसरा झाला की भातकापणी. आमच्याकडे कापणी सावडीवर चाले, म्हणजे आज सगळ्यांनी मिळून तुझं शेत कापायचं, उद्या माझं. त्या वर्षी सावड ठरवताना काकींनी आत्याचं नाव घेतलं नाही. पाठोपाठ कुणीच घेतलं नाही. एकट्या बाईने दोन खाचरं कापून, बांधून, झोडून व्हायची नव्हती. पीक उभ्याउभ्या झडलं असतं. तिसऱ्या दिवशी बाबा जेवताना ताटाकडे बघत म्हणाले, "आक्का, दिवाळी झाली की तू कल्यानला तुज्या जावेकडं जाऊन ऱ्हा. इथलं वातावरन बरं नाय."

आत्याने भात कालवला, खाल्ला, ताट उचललं. जाऊबाईने तिला नवरा गेल्यावर तेराव्या दिवशीच घराबाहेर काढलं होतं, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. मी त्या रात्री ट्रंकेकडे बघितलं नाही.

शाळेत खेळाच्या तासाच्या सरांना मी वहीत चित्र काढून दाखवलं. फळी, चाकं, डोळा. सर हसले. "अगं, हा स्केटबोर्ड आहे. शहरातली मुलं यावर उभी राहून घसरत जातात. पावसाळ्यात घाटात धबधबे बघायला येतात ना, त्यांच्यापैकी कुणाच्या तरी गाडीच्या टपावरून पडला असेल." माझा विश्वास बसला नाही. उभं राहून? कशाला धरायचं? "कशालाच नाही," सर म्हणाले. मग त्यांनी शिक्षक खोलीतून एक जुनं मासिक आणून पान उघडलं, आणि त्यात खरंच एक पोरगी तशाच फळीवर, हात पसरून, कशालाही न धरता उभी होती. तिच्या दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या होत्या.

त्या दुपारी मी तिठ्यावर गेले. मासिक बघूनही हात लावायची हिंमत नव्हती, म्हणून काठीने फळी सुलटी केली. चाकं जमिनीला टेकताच ती उतारावरून सरळ माझ्याकडे निघाली. मी किंचाळत घरापर्यंत पळाले. मग स्वतःची इतकी लाज वाटली की परत जाऊन तिला काखोटीला मारून आणली. बाबा अंगणातच ओरडले. आई मागच्या मागे देवाजवळ गेली. आत्या तेवढी पुढे आली, तिने चाक बोटाने फिरवलं, ते बराच वेळ फिरत राहिलं, आणि ती म्हणाली, "तेल चांगलं हाय."

मी सगळ्यांना सर काय म्हणाले ते सांगितलं. गावातही सांगितलं. काकी म्हणाल्या, "खेळनं असंल. पर अमावशेला तिठ्यावर कोन ठेवतं खेळनं?" मग मी ठरवलं की दाखवायचं. सगळ्यांसमोर त्या डोळ्यावर उभं राहायचं आणि चालवायचं, म्हणजे ती नुसती चाकांची फळी आहे हे त्यांच्या डोळ्यांना दिसेल.

गावात गुळगुळीत जागा एकच, देवळापुढचा सिमेंटचा कोबा. तिथे भात वाळत घालायचे. चपला घालून तिथे पाय ठेवायचा नाही, देव आणि धान्य दोन्हींसाठी. म्हणून मी अनवाणी शिकले. फळीच्या वरच्या अंगाला पॉलिशपेपरसारखा खरखरीत कागद होता, दोन दिवसांत माझ्या टाचा सोलून निघाल्या. पण तो त्रास किरकोळ. मुख्य त्रास असा की मी पडत होते. पाय ठेवला की फळी पुढे, मी मागे. सकाळी पाच वेळा, संध्याकाळी सात वेळा. आणि काकी त्यांच्या ओट्यावर बसून प्रत्येक पडणं बोटांवर मोजत होत्या.

हे आधी माझ्या लक्षातच आलं नव्हतं. पडल्याशिवाय ती फळी येत नाही, आणि माझं प्रत्येक पडणं आत्याच्या नावावर जमा होत होतं. "पोरीला आपटतंय बघा," असं बायका म्हणायच्या. मी जितकी जीव तोडून शिकत होते, तितकी तिला कल्याणच्या रस्त्याला लावत होते. थांबले असते तर तीही कबुलीच झाली असती. मला रडू फुटायचं, पण तेही ओट्यावरून दिसलं असतं, म्हणून मी घरी येऊन रडायची.

एका संध्याकाळी कोपर फोडून घेऊन आले. आत्याने मला खोलीत बसवलं, कमरेची किल्ली काढली आणि ट्रंक उघडली. मी मान लांब करून बघितलं. आत तीन जुनी लुगडी होती आणि चिंध्यांत बांधलेलं बियाणं, दुधीचं, काकडीचं, प्रत्येक पुरचुंडीला वेगळ्या रंगाचा दोरा. उंदरांपासून जपायला कुलूप. तिने सर्वांत मऊ लुगड्याची पट्टी फाडली आणि माझं कोपर बांधलं.

"अर्धा पाय ठेवतंस तू," ती म्हणाली. "मी बघितलं देवळाच्या मागून."

"पूर्ण ठेवला आणि ती सटकली तर?"

"अर्धा ठेवतंस म्हनून तर सटकती. चल उद्या."

दुसऱ्या दिवशी तिने मला ओढ्याकडच्या तिच्या खाचराच्या बांधावर नेलं. बांध वीतभर रुंद आणि शेवाळलेला. माझ्या डोक्यावर तिने गवताचा भारा ठेवला. "चाल." मी पायाने चाचपत निघाले आणि दुसऱ्याच पावलाला चिखलात. ती हसली. माझ्या आठवणीत ती पहिल्यांदाच एवढी हसली. "पायाकडं बघितलंस ना? पाय कुठं जातोय ते पाय बघून घेईल. तू बांधाच्या त्या टोकाला बघ. गुडघा मोकळा ठेव. आनि पाय टाकायच्या आधी काय संशय घ्यायचा तो घे, दगड बघ, शेवाळ बघ. एकदा टाकलास का मग सगळी त्याच्यावर ऱ्हा. आनि पडायचंच झालं तर चिखलाकडं पड, दगडाकडं नको. तेवढं आपल्या हातात असतं."

मला वाटतं, शहाणपणाची म्हणून मी आयुष्यात जी काही वाक्यं ऐकली, ती सगळी मिळून या चार-पाच वाक्यांएवढी नाहीत. पण तेव्हा मी फक्त एवढाच विचार करत होते की ही मला का शिकवते आहे? हिला काय हवंय?

बांधावरून चार दिवसांनी कोब्यावर आले तेव्हा फळी माझ्याखाली राहिली. देवळाच्या पायरीपासून तुळशीवृंदावनापर्यंत मी एकदा सरळ गेले. घाबरणं आणि आनंद यांच्यामध्ये सुपारीएवढीसुद्धा जागा नव्हती.

दसऱ्याला सगळं गाव देवळात जमतं, तेव्हा मी फळी घेऊन गेले. आरती झाली, लोक कोब्याच्या कडेने उभे राहिले. मी पाय ठेवला, पूर्ण ठेवला, टोकाकडे बघितलं आणि निघाले. छान निघाले. आणि वृंदावनाच्या अलीकडे आपट्याच्या एका डहाळीवर चाक अडलं. मी तोंडावर आपटले. हनुवटी फुटली. कोब्यावर रक्त सांडलं.

कुणीतरी "आई गं" म्हणालं. काकी पुढे आल्या. त्यांच्या चेहऱ्यावर भीती होती, खरी भीती, हे मला आज मान्य करायला हवं. "बघा," त्या म्हणाल्या, "रगत मागितलं त्यानं." बाबांनी मान खाली घातली. मला कळलं की संपलं. मी उठूसुद्धा शकत नव्हते.

तेवढ्यात आत्या कडेने आली. तिने चपला बाहेर काढल्या, काष्टा घट्ट केला, फळी पायाने सरळ केली आणि तिच्यावर चढली. पन्नाशीला टेकलेली बाई. एका पायाने जमीन मागे लोटून ती निघाली. गुडघे मोकळे, नजर समोर, हात असे की डोक्यावर भारा आहे. कोबाभर गेली. पलीकडच्या टोकाला तिने वळायचा प्रयत्न केला, तिचा तोल गेला आणि ती धाडकन उजव्या हातावर पडली.

ती तशीच बसली, हात छातीशी धरून, आणि हसायला लागली. मग काकींकडे बघत म्हणाली, "माजी करनी असती तर तिनं मलाच पाडलं असतं काय गो? रस्त्यात पडलं व्हतं, कुनाचा पाय पडला असता म्हनून कडेला सारलं मी. त्याचं काय चुकलं?"

गर्दीच्या मागून एक म्हातारी खुदकन हसली. मग आणखी कुणीतरी. काकींनीच खाली बसून आत्याचा हात बघितला, आणि मनगट सुजलेलं पाहून त्यांनीच पोरांना रिक्षा आणायला पिटाळलं.

सावडीत आत्याचं नाव आलं. सगळे आले असं नाही, दोन घरं आली नाहीत, ती पुढेही कधी आली नाहीत. पण काकी आल्या. आत्याच्या हाताला प्लास्टर होतं, तरी स्वस्थ बसेल ती आत्या कसली. दुसऱ्यांच्या शेतावरची तिची पाळी फिटायची होती म्हणून तिने तिसऱ्या आठवड्यात प्लास्टर बादलीत भिजवून काढून टाकलं. मनगट वाकडं बसलं. ते तसंच राहिलं. कल्याणचा विषय बाबांनी परत काढला नाही. फळी मात्र आमच्या घरात टिकली. पुढची कित्येक वर्षं, दोन हजार साल उलटून गेल्यावरही, भाताची पोती अंगणातून कोठीपर्यंत तिच्यावरून ढकलत नेत. पोटावरचा डोळा झिजून नुसती लाल रेघ राहिली होती. घाटातल्या गर्दीत अशा फळ्या घेतलेली मुलं पुढे कधीमधी दिसायला लागली, तेव्हा मी त्यांचे गुडघे बघायची.

माझा स्वभाव काही पालटला नाही. आजही तांदळात खडा मलाच दिसतो. आत्या त्या दिवशी खरंच तोल जाऊन पडली का, याचा मला कितीतरी दिवस संशय होता. चाळीस वर्षं शेवाळलेल्या बांधावरून भारा नेणारी बाई, जी मी कधी पडलेली पाहिली नव्हती, ती सुक्या कोब्यावर पडते? आणि तेही कोबाभर जाऊन झाल्यावर?

प्लास्टर होतं तोवर रोज सकाळी तिची वेणी मी घालायची. एका सकाळी केस विंचरता विंचरता मी म्हणाले, "आत्या, त्यांना मी सांगितलं. तू तिठ्यावर वाकलेली दिसलीस ते."

"ठाव हाय."

"कुणी सांगितलं तुला?"

"कोन कशाला सांगल? त्या येळेला खिडकीत दुसरं कोन होतं?"

माझा हात थांबला. पहिल्या दिवसापासून तिला माहीत होतं. बांधावर मला भारा देताना, लुगडं फाडताना, सगळ्या वेळी. फणीत अडकलेले केस सोडवत मी विचारलं, "मग तू मुद्दाम पडलीस का?"

ती मान न वळवता म्हणाली, "तू रडत पडली होतीस तिथं. लोकांच्या ध्यानात तुजं पडनं शेवटचं ऱ्हायला नको होतं."

मी वेणीचा शेवटचा पेड घातला आणि दोऱ्याची गाठ मारली. ती ओढून बघायला हात पुढे गेला होता, तो मी मागे घेतला.